नंबर तीनची सही

औरंगाबादच्या पुंडलिकनगरात मला भाड्याची खोली मिळाली ती एका परीक्षेत नापास झाल्यामुळे.

घरमालकांनी दार उघडलं. मी कोण, कुठला, कोणत्या कचेरीत, यातलं काहीच विचारलं नाही. लेंग्याच्या खिशातून पत्त्याएवढा एक पुठ्ठा काढला, माझ्या डोळ्यांसमोर धरला आणि पापणी लवायच्या आत पुन्हा खिशात घातला.

"काय दिसलं?"

"काहीतरी काळं. पक्षी असावा. की विमान?"

"असावा नको, की नको. दिसलं काय?"

"काळं दिसलं," मी म्हणालो. "ओळखू नाही आलं."

त्यांनी आत तोंड करून बायकोला हाक मारली, "किल्ली दे गं याला."

माझ्याआधी तिघं येऊन गेले होते, हे मला काकूंनी मागाहून सांगितलं. एकानं घार म्हटलं, एकानं हेलिकॉप्टर आणि तिसऱ्यानं तर छाती काढून थेट विमानाचं नावच सांगितलं. तिघांनाही खोली मिळाली नाही. पुठ्ठ्यावर विमानच होतं, खालून पाहिल्यावर दिसतं तसं, नुसतं काळं. पण तिसऱ्यानं सांगितलेलं ते नव्हतं. न ओळखता ओळखलं म्हणणारा माणूस आमच्या घरमालकांना चोरापेक्षा वाईट वाटायचा. चोर निदान अंधारात तरी येतो, असं ते म्हणत.

सगळी गल्ली त्यांना हवालदार म्हणायची. मी काका म्हणायचो. नव्या ओळखीचा कुणी आदरानं कॅप्टनसाहेब म्हणाला, की ते तिथल्या तिथं त्याला खाली उतरवायचे, म्हणजे स्वतःलाच. "हवालदार. प्रादेशिक सेना. विमानविरोधी तोफखाना. युनिट मोडलं." एवढं सगळं एका दमात. त्यातलं 'युनिट मोडलं' हे ते इतक्या सहज म्हणायचे, की ऐकणाऱ्याला वाटावं, एखादी खुर्ची मोडली.

चीनच्या लढाईनंतर देशभर घाईघाईनं पलटणी उभ्या राहत होत्या, त्यातलंच हे एक युनिट. वर्षातले काही महिने सैनिक आणि उरलेले महिने आपापल्या कामावर, अशी ही माणसं. कुणी जिनिंगमध्ये हमाल, कुणी मास्तर, कुणी शेतकरी. काका वैजापूरकडचे. मॅट्रिक झालेले म्हणून लवकर हवालदार झाले. पाकिस्तानशी लढाई लागली, तेव्हा हे युनिट पश्चिमेकडच्या एका रेल्वेपुलाच्या राखणीला पाठवलं. लढाई संपली, पूल शाबूत राहिला आणि त्यानंतर थोड्याच वर्षांत वरून हुकूम आला, की युनिटची गरज नाही. तोफा वॅगनवर चढल्या, माणसं एसटीत बसली. काका इथं एका वर्कशॉपमध्ये फिटर म्हणून लागले. अशा युनिटचा इतिहास कुणी लिहीत नाही, म्हणून तो ते लिहीत होते. मी कचेरीत मराठी टंकलेखक आहे हे कळलं, त्या दिवसापासून माझ्या रविवारांचे मालक तेच झाले.

इतिहास कमी आणि नियम जास्त, असा तो प्रकार होता. पहिला नियम, दिसलं ते लिहायचं, वाटलं ते लिहायचं नाही. दुसरा नियम, प्रत्येक प्रकरणाखाली ते डोळ्यांनी पाहिलेल्यांच्या सह्या. त्यासाठी हा माणूस रजा काढून, डबा घेऊन, जुन्या गड्यांच्या गावोगाव फिरून आला होता. एकदा एक पान मला फार कोरडं वाटलं, म्हणून मी माझ्या पदरचं एक वाक्य टाकलं, 'आमच्या बहाद्दर जवानांनी शत्रूच्या विमानांना पिटाळून लावलं.' काकांनी ते वाचलं. रागावले नाहीत. फक्त विचारलं, "तू व्हतास का तिथं?" मी नाही म्हणालो. "मीबी नव्हतो असल्या ठिकाणी," असं म्हणून त्यांनी पान फाडलं. आख्खं पान पुन्हा टाइप केलं मी. बोटं दुखत होती आणि मनात त्यांना शिव्या देत होतो, हे कबूल करतो.

रोज सकाळी मुंबईचं विमान चिकलठाण्याला उतरायचं. ते आमच्या गच्चीवरून नीट दिसे. काका आवाजाआधी गच्चीवर हजर. हातात रजिस्टर. वेळ, दिशा, उंची, काय दिसलं, सही. ढग असले की नोंद व्हायची, 'आवाज आला. दिसलं नाही.' मी एकदा म्हणालो, "काका, रोज याच वेळेला येतं, मुंबईचंच असणार ना?"

"असणार," ते म्हणाले. "तुझ्या कचेरीत असणारवर शिक्का मारतेत का?"

खरं तर मारतात, पण मी बोललो नाही.

या त्यांच्या हट्टाचं मूळ ते पोलीस ॲक्शनपर्यंत नेत. तेव्हा ते सात-आठ वर्षांचे. गावाबाहेरच्या बाजरीत आईनं त्यांना पालथं पाडलं आणि वरून विमान गेलं. "सगळं गाव म्हणालं, निजामाचं व्हतं. दुसऱ्या दिशी सगळं गाव म्हणालं, आपलं व्हतं. आरं, पाह्यलं कुणी? समदे मातीत तोंड घालून पडलेले." हा किस्सा त्यांनी मला निदान दहा वेळा सांगितला असेल, पण दहाही वेळा त्यात एक अक्षर वाढलं नाही.

काकू या सगळ्याला सरावल्या होत्या. घराचं दार म्हणजे बारा वाजले असं धरून काका दिशा सांगायचे. किराणा दुकान दोन वाजता, मारुती दहा वाजता. काकूही भाजीवाल्याला वरून ओरडून सांगत, "नऊ वाजता थांब, आले!" आणि तो बिचारा मनगटावरचं घड्याळ बघायचा. "लष्करात ते गेले आन् बारा मी वाजवून घेतले," असं त्या हसून म्हणायच्या. पण रजिस्टरावर कधी चहाचा कप ठेवायच्या नाहीत.

या माणसाची एक गोष्ट मात्र मला कळत नव्हती आणि कधीकधी रागही यायचा. ते कुणाच्या पाठीला हात लावत नसत. मी खात्याची परीक्षा पास झालो, तेव्हा गल्लीतल्या सगळ्यांनी माझी पाठ थोपटली. काकांनी समोर येऊन हात जोडले. एवढ्यावर भागलं असतं तर ठीक होतं. पण एका लग्नाच्या पंगतीत शेजारच्या माणसाच्या घशात बुंदी अडकली. तो लालबुंद झाला, डोळे पांढरे करायला लागला. काका त्याच्या शेजारीच बसलेले. त्यांनी हात उचलला, तो तसाच हवेत राहिला आणि ते ओरडायला लागले, "कुणीतरी मारा रे ह्याच्या पाठीवर! मारा कुणीतरी!" पलीकडून एकानं धावत येऊन दोन गुद्दे घातले तेव्हा तो वाचला. लोक काकांकडे विचित्र नजरेनं पाहत होते. घरी येताना ते माझ्या दोन पावलं पुढं चालत राहिले. मला त्यांची लाज वाटली होती, आणि ते त्यांना कळलं होतं.

अखेर पुलाचं प्रकरण आलं. युनिटच्या सगळ्या आयुष्यातली एकच संध्याकाळ अशी, की जेव्हा शत्रू खरोखर आला असेल किंवा आला नसेल. काका वही बघून सांगत होते, मी टाइप करत होतो.

तोफेवर सात माणसं. काका नंबर एक, म्हणजे तोफेचे प्रमुख. नंबर दोन तोफ आडवी फिरवणारा, नंबर तीन ती वर-खाली करणारा. गोळा सोडायचं पॅडल नंबर तीनच्या पायाखाली. बाकीचे गोळे भरणारे आणि पुरवणारे. हुकूम असा, की ओळखल्याशिवाय फायर नाही. त्या संध्याकाळी मावळत्या सूर्यातून एक विमान अगदी कमी उंचीवरून आलं, पुलाच्या अंगावरून गेलं आणि दिसेनासं झालं. त्यानं काही टाकलं नाही. थोड्या वेळानं पाच-सहा मैलांवरच्या स्टेशनात मालगाडी पेटली. युनिटचं रेशन आणायला गेलेले दोघं त्यात गेले. त्यातला एक लंगरातला आचारी, नंबर तीनचा सख्खा धाकटा भाऊ. स्टेशनातला एक जण म्हणाला एक विमान होतं, दुसरा म्हणाला तीन होती. आणि त्याच रात्री अशीही बातमी आली, की आपलं एक विमान मार खाऊन, त्याच वाटेनं, खालून खालून घरी परतलं. पुलावरून गेलं ते यातलं कोणतं, ते कधीच कळलं नाही.

"लिही," काका म्हणाले. "विमान दिसलं. ओळखू आलं नाही. म्हणून फायरचा हुकूम दिला नाही."

मी लिहिलं. मान वर केली तर ते उठून खिडकीशी गेले होते. त्या रविवारी पुढचा मजकूर त्यांनी सांगितला नाही. कुंड्यांना पाणी घालत बसले, आदल्या दिवशी घातलेलं असूनही.

तोफेवरच्या सातांपैकी दोघं आता नव्हते. पुढं प्रकरण पुरं झालं, उरलेल्यांच्या सह्याही झाल्या, फक्त नंबर तीनची राहिली होती. तो सोयगावचा. युनिट मोडल्यापासून त्यानं काकांना तोंड दाखवलं नव्हतं, पत्राला उत्तर दिलं नव्हतं. काकू मला स्वयंपाकघरात हळूच म्हणाल्या, "त्यांच्या घरचे म्हणतेत, हवालदारानं हुकूम दिला असता तर पोरगं वाचलं असतं. हे काय बोलत नायत. तू जाय त्यांच्या संगं."

सोयगावला पोचेपर्यंत ऊन डोक्यावर आलं होतं. नंबर तीनच्या ओसरीत छतापर्यंत कापूस भरलेला, त्याच्या शेजारी बाजेवर ते बसले होते. डोळ्यांत मोतीबिंदू पिकलेला. त्यांचा मुलगा, तिशीतला गडी, दारातच उभा राहिला.

"कोण हाय?" नंबर तीननी विचारलं.

"नंबर एक," काका म्हणाले.

नंबर तीननी बाजेवर हातानं चाचपून जागा केली. मग म्हणाले, "बसा."

सुनेनं चहा आणला. मुलानं मात्र काकांकडे पाहिलंही नाही. "लई वर्षांनी आठवण झाली," एवढंच तो भिंतीकडे बघत म्हणाला. "आमची आजी मरेस्तोवर तुमचं नाव घेत व्हती. चांगल्यासाठी नाय."

काकांनी मान हलवली, जसं काही हे त्यांचं येणं बाकी होतं आणि ते मिळालं. मग मला म्हणाले, "वाच."

मी सगळं प्रकरण वाचलं. पूल, तोफ, सूर्य, विमान. 'म्हणून फायरचा हुकूम दिला नाही' इथपर्यंत आलो आणि नंबर तीननी हात वर केला.

"ही ओळ पुन्यांदा वाच."

मी वाचली.

"हे खोटं हाय."

 काकांनी माझं एका वाक्यासाठी आख्खं पान फाडलं होतं. मी काकांकडे पाहिलं. ते जमिनीकडे बघत होते.

"साहेबाला दुसऱ्या दिशी तेच सांगितलं व्हतं," ते म्हणाले.

"सायबाला काय सांगितलं ते मला ठावं हाय. मी शेजारीच उभा व्हतो. पर हे पुस्तक सायबाचं हाय का?"

आणि मग नंबर तीन माझ्याकडे वळून, बहुधा माझ्या आवाजाच्या दिशेनं वळून, सांगायला लागले. विमान अंगावर आलं की त्या आवाजात हुकूम ऐकू येत नाही. म्हणून त्यांच्या तोफेवर एक पद्धत पडली होती. नंबर एक नंबर तीनच्या मागं उभा राहायचा. त्यानं पाठीवर चापट मारली, की फायर. ती फक्त मारणाऱ्याला आणि खाणाऱ्याला कळायची.

"त्या सांजंला चापट बसली व्हती," नंबर तीन म्हणाले.

दारातला मुलगा पुढं आला. "आबा?"

"माझा हात हळू पडला असंल," काका घाईनं म्हणाले. "आवाजात तुला कळलं नसंल."

"हळू नव्हता पडला. अजून जाणवतो."

त्या ओसरीत तेव्हा मला बसवत नव्हतं. बाहेर जावं असं वाटत होतं आणि उठायचं धाडस होत नव्हतं. पंगतीतला तो हवेत थांबलेला हात मला आठवला आणि आपण त्या दिवशी या माणसाची लाज बाळगली, याची लाज वाटली.

"मी पॅडल दाबलं नाय," नंबर तीन मुलाला म्हणाले. "हवालदारानं सायबाला सांगितलं, हुकूमच दिला नव्हता. भाऊ गेलेला, वर माझी चौकशी नको म्हनून. मी ऐकून घेतलं. घरी आलो, आई म्हणाली हवालदारानं हात आखडला. तेबी मी ऐकून घेतलं. तोंड उघडलं नाय. ह्यांच्यासमोर यायचं कोणत्या तोंडानं?"

काकांनी विचारलं, "का नाय दाबलं?" हा प्रश्न ते पंचवीस-तीस वर्षं जवळ बाळगून होते. तरीही त्यांचा आवाज अगदी साधा होता, चहात साखर का नाही असं विचारल्यासारखा.

"ओळखू नाय आलं. नेम धरायच्या काचंतून एवढं मोठं दिसत व्हतं, पर ओळखू नाय आलं. आपलं असतं तर?"

काकांनी हातातली कपबशी खाली ठेवली. मग म्हणाले, "मलाबी नव्हतं आलं ओळखू. तरी मी हात मारला. पूल जातो म्हनून भ्यालो. नियम सगळ्यांना मी शिकवायचो, आन् मोडला मी. तू पाळलास. इतकी वर्सं मला वाटतंय, मी तुझ्यासाठी खोटं बोललो. ते माझ्यासाठीबी तेवढंच व्हतं."

मुलगा दोघांकडे आळीपाळीनं बघत होता. शेवटी त्यानं विचारलं, "मग विमान व्हतं कुनाचं?"

"ठावं नाय," दोघंही म्हणाले.

काकांनी खिशातून पेन काढलं आणि माझ्याकडे दिलं. टाइप केलेल्या पानावर हातानं केलेली खाडाखोड त्यांना खपत नसे. त्या पानावर ती त्यांनी स्वतः सांगून करवली. जुनी ओळ खोडून मी वर लिहिलं, 'विमान दिसलं. नंबर एकला ओळखू आलं नाही. नंबर तीनला ओळखू आलं नाही. नंबर एकनं फायरचा हुकूम दिला. नंबर तीननं तो पाळला नाही. साहेबांना दुसऱ्या दिवशी खोटं सांगितलं.'

मी कागद नंबर तीनच्या मांडीवर ठेवला. त्यांना जागा दिसेना. मुलगा अजून उभाच होता. मला वाटलं, तो आता आत निघून जाईल. तो बापाशेजारी बाजेवर बसला, त्यांचं बोट धरून कागदावर खालच्या कोपऱ्यात नेलं आणि म्हणाला, "इथं, आबा."

निघताना नंबर तीन ओसरीच्या पायरीपर्यंत आले. कुणी कुणाची माफी मागितली नाही. परतीच्या एसटीत मी न राहवून विचारलं, "काका, आता बरं वाटतंय का?" त्यांनी अजिंठ्याचा घाट संपेपर्यंत विचार केला आणि म्हणाले, "भूक लागलीय."

इतिहासाच्या सात प्रती निघाल्या. एक माझ्याकडे आहे. बाइंडिंग सुटलं आहे, पण ते हातानं दुरुस्त केलेलं पान शाबूत आहे. औरंगाबादचं आता छत्रपती संभाजीनगर झालं, पुंडलिकनगरातल्या त्या घराच्या जागी चार मजले उभे राहिले, काका-काकू दोघंही नाहीत. लोकांना त्या युनिटचं नावही ठाऊक नाही. मी सांगायला लागलो, की विचारतात, "मग त्यांनी किती विमानं पाडली?" एकही नाही, म्हटलं, की त्यांचं कुतूहल संपतं. मला अशा वेळी फार एकटं वाटतं.

पण एक सकाळ सांगायची राहिली. सोयगावहून आल्यावर दोन-तीन महिन्यांनी नंबर तीन मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी शहरात आले. आदल्या दिवशी मुक्काम काकांकडे. सकाळी काका त्यांना हाताला धरून गच्चीवर घेऊन गेले. मी चहा घेऊन मागून जिना चढत होतो. आकाश स्वच्छ होतं. विमान आलं, उन्हात चकाकत, अगदी सावकाश, चिकलठाण्याकडे उतरत गेलं. काकांनी ते पूर्ण पाहिलं. मग रजिस्टर उघडून म्हणाले, "आज रिपोर्ट तू दे. काय दिसलं?"

नंबर तीननी तोंड आभाळाकडे धरलं होतं. "आवाज आला," ते म्हणाले. "दिसलं नाय."

काकांना स्वतःला ते दिसलं होतं. तरी त्यांनी तेच शब्द लिहिले आणि सहीसाठी रजिस्टर पुढं केलं. सही झाली. मग ते नंबर तीनच्या मागं जाऊन उभे राहिले. हात उचलला. पंगतीत थांबला होता तसा तो हवेत थोडा वेळ थांबला. मग त्यांनी तो त्यांच्या पाठीवर ठेवला. मारला नाही, नुसता ठेवला.

"जोरात मारला तरी चालंल," नंबर तीन म्हणाले.

दोघांचेही खांदे हलत होते. ते हसत होते की रडत होते, ते मला मागून दिसलं नाही.